रोशनदानांची काच

सिव्हिल लाइन्समधल्या आमच्या बंगल्याचे फोटो काढायला लोक फाटकाशी थांबतात. "किती छान राहता हो तुम्ही!" म्हणतात. माझ्या हातात झाडू असतो, काय बोलणार? दुरून डोंगर साजरे.

इंग्रजांच्या काळात रेल्वेच्या कुण्या साहेबासाठी तो बांधला, पुढे आजेसासऱ्यांनी विकत घेतला. चुन्यातल्या हातभर जाड भिंती, तिन्ही बाजूंनी व्हरांडा, दोन टप्प्यांत उतरणारं कवेलूंचं छप्पर आणि त्या दोन टप्प्यांच्या मधे, पार उंचावर, रोशनदानांची, म्हणजे हवेच्या झरोक्यांची, रांग. साहेबाला गावाची आठवण येत असावी, कारण बैठकीत भिंतीतली शेकोटीही आहे. नागपुरात शेकोटी! आम्ही तिच्यात चपला ठेवतो.

उन्हाळ्यात ऊन चढायच्या आत सगळ्या खोल्यांतले कूलर भरायचे आणि दोऱ्या ओढून रोशनदानं उघडायची, हा सासऱ्यांचा नेम. कूलरची हवा आत आली की आतली दमट हवा वरून बाहेर जायला हवी, एवढं साधं. नेम त्यांचा, हात माझे. वरून पडणारी कबुतरांची घाण पुसायची तीही मीच, शाळेत शिकवून आल्यावर. फ्लॅट घेऊ, असं मी दर उन्हाळ्यात म्हणायची. "हे घर सोडून मी कुठी येत नाही," सासरे म्हणायचे आणि विषय तिथंच संपायचा.

मागच्या वर्षी कबुतरांना कंटाळून नवऱ्याने रोशनदानांना पक्की काच बसवून घेतली. कबुतरं गेली खरी, पण मे महिन्यात कूलर लागले आणि हवेला बाहेर जायला वाटच उरली नाही. गाद्या दमट, भिंतींना ओल, चादरींना कुबट वास. सासऱ्यांना दम्याचा जुना त्रास. एका दुपारी ते गुदमरले, दवाखान्यात न्यावं लागलं. त्यांना पुन्हा त्या खोलीत ठेवू नका, असं डॉक्टरांनी बजावलं.

"उद्याच काच काढून टाकतो," नवरा त्यांच्या खाटेशी म्हणाला. म्हणजे पुन्हा दोऱ्या, पुन्हा कबुतरं. मी खाटेच्या कठड्याला टेकले. बोलायचंही त्राण नव्हतं. सासरे माझ्याकडे बघत होते.

"राहू दे गा," ते मुलाला म्हणाले. "हे पोरगी थकून राहिली. फ्लॅटच पाह्य आता, मी येतो."

मी थकले, हे त्या घरातल्या माणसाने इतक्या वर्षांत पहिल्यांदा म्हटलं. मला रडूच कोसळलं. त्यांचा जीव त्या बंगल्यात अडकलेला आहे, हे मला ठाऊक होतं. निदान रीत म्हणून तरी 'नको बाबा, आपल्याच घरी राहू' म्हणायला हवं होतं. शब्द ओठांवर आलेही होते. दोघंही माझ्या तोंडाकडे बघत थांबले होते.

मी डोळे पुसले आणि विचारलं, "कितव्या मजल्यावर घ्यायचा?"