सोनीची चालती पोर

आमच्या वकीलसाहेबांच्या ऑफिसची पायरी चढण्याआधी सोनी बाहेरच्या नळावर मुलीचे पाय धुवायची. आधी धड पाय, मग दुसरा. ओल्या हाताने तिचे केस चापून बसवायची, पदराने तोंड पुसायची आणि मगच आत यायची. डहाणूच्या त्या ऑफिसात मी टायपिंग करायचे. पहिल्याच दिवशी मी म्हटलं, "अगं, कोर्टाच्या कामाला आलीस ना? लग्नाला आल्यासारखं काय नटवतेस तिला?"

"बाय, माणसात जायचं तं माणसासारखं जायचं," ती म्हणाली. पुढे हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलं की मला पाठ झालं.

सोनी सायवनकडच्या एका पाड्यातली. नवरा वारलेला. पावसाळ्यात तुकडाभर जमिनीत भात आणि नागली, बाकीचे महिने मजुरी. २०१४च्या उन्हाळ्यात तलासरीजवळ हायवेच्या कडेला मायलेकी गाडीची वाट बघत उभ्या होत्या, तेव्हा एका टेम्पोने आठ वर्षांच्या मनीला उडवलं. मांडीचं हाड जुळलं, पण वाकडं. पाय आखूड झाला, गुडघा वाकेना, हातात काठी आली. वाढत्या वयातच ऑपरेशन केलं तर पाय बराच सुधारेल, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. त्यासाठी सगळी भिस्त साहेबांनी टेम्पोच्या विमा कंपनीवर लावलेल्या दाव्याच्या भरपाईवर, आणि भरपाईची भिस्त अपंगत्वाच्या दाखल्यावर. दाखल्यावर जितके टक्के, तितकी रक्कम.

दाखल्याची तारीख मिळायलाच दीड वर्ष गेलं. तोवर सोनी काय करत होती, ते आम्हाला कोणी सांगितलं नाही आणि आम्ही विचारलंही नाही. मी तिला काय काय आणायचं ते समजावलं होतं: आधार कार्ड, फोटो, दवाखान्याचे कागद. कागदांच्या बाबतीत आम्ही फार हुशार!

साहेबांनी मला सोबत पाठवलं. सरकारी दवाखान्यात तीन तास बसलो. मनीचं नाव पुकारल्यावर सोनीने तिच्या हातातली काठी काढून माझ्याकडे दिली आणि म्हणाली, "चाल गं पोरी."

आणि मनी चालली. दारापासून डॉक्टरांच्या टेबलापर्यंत, दात आवळून, कुठेही न धरता. पोहोचल्यावर हसलीसुद्धा. रोज संध्याकाळी शेताच्या बांधावर सोनी तिच्याकडून हेच करून घेत होती, हे मला नंतर कळलं.

"शाब्बास! छान चालते की," डॉक्टर म्हणाले. बाहेर रांग होती. त्यांनी पाय वरवर पाहिला आणि लिहायला घेतलं.

मी घाईघाईने म्हटलं, "साहेब, घरी ती काठी घेते."

"कव्हातरी घेत होती! आता नांय," सोनी माझ्यावरच खेकसली. "माझी पोर लंगडी नांय सायेब, चालती हाय."

बाहेर आल्यावर तिच्या चेहऱ्यावर असा आनंद होता की मला राग गिळावा लागला. "असं का केलंस?" मी विचारलं. ती माझ्याकडे वेड्याकडे बघावं तसं बघत राहिली. "नाक्यावर मुकादम लंगड्याला घेतो काय? धडधाकट बघूनच घेतो. हा तं मुकादमाहून मोठा सायेब." तिच्या जन्मात जे काही मिळालं होतं, ते धडधाकट दिसूनच मिळालं होतं. दुबळं दिसल्यावर काही मिळतं, असं ठिकाण तिने पाहिलंच नव्हतं. ते तिला सांगायचं काम आमचं होतं.

कोर्टात विमा कंपनीच्या वकिलाने दाखला वाचून दाखवला. मुलगी आधाराशिवाय चालते; टक्के अगदीच कमी. मंजूर झालेल्या रकमेत ऑपरेशन बसत नव्हतं, आणि तीही मनी अठरा वर्षांची होईपर्यंत बँकेत राहणार होती. हाड काही तोवर थांबणार नव्हतं. साहेब म्हणाले, हायकोर्टात अपील करता येईल. मग त्यांनी पुढची फाइल उघडली.

मी सोनीला सगळं समजावलं.

"म्हंजे बाय," ती म्हणाली, "मी पोरीला सायेबापुढं पडायला शिकवायला पायजे होतं?"

त्या दिवशी जाताना ती नळापाशी थांबली नाही, आणि पुन्हा कधी ऑफिसात आली नाही.

२०१९मध्ये एकदा एसटीतून जाताना तलासरीच्या नाक्यावर मला ती दिसली. मजुरांच्या घोळक्यात उभी होती. शेजारी काठीवर रेललेली मनी, तेरा वर्षांची, आईएवढी उंच. ती शाळेत असायला हवी होती. एक पिकअप येऊन थांबला आणि मुकादम खाली उतरला. सोनीने पटकन मनीच्या हातातली काठी घेऊन स्वतःच्या पाठीमागे धरली.

मनी दात आवळून चालत पिकअपपर्यंत गेली. मुकादमाने दोघींना घेतलं.