ऑर्व्हिलचा चेहरा

ओहायोतल्या एका बर्गर कंपनीचा विदूषक पहिल्यांदा रंगवला तो ऑर्व्हिल स्टकीने. लाल नाक आणि डाव्या गालावर निळी चंद्रकोर. जाहिराती गाजल्या, तसा कंपनीने तो चेहरा आपल्या नावावर करून घेतला आणि ऑर्व्हिलच्या जागी तरणी पोरं उभी केली. तो चेहरा रंगवायची खुद्द ऑर्व्हिललाच बंदी झाली.

मग सर्कशीतला त्याचा जोडीदार क्लीटस वारला. विदूषकाला निरोप द्यायला विदूषकांनी तोंड रंगवूनच जायचं, आणि तेही आपल्या जन्मभराच्या एकाच चेहऱ्याने, ही त्यांची रीत. ऑर्व्हिल कोऱ्या तोंडाने गेला.

"नाक विकून खाल्लंस, म्हाताऱ्या," एका जुन्या विदूषकाने टोमणा मारला, "आता कान तरी सांभाळ!"

तेवढ्यात गालावर निळी चंद्रकोर रंगवलेला एक पोरगा फुलं घेऊन आला. त्याला कंपनीने पाठवलं होतं. क्लीटसच्या बायकोला, व्हर्नाला, आताशा नीट दिसत नसे. ती त्याच्या गळ्यातच पडली.

"आलास रे ऑर्व्हिल! शेवटपर्यंत तुझीच वाट बघत होते हे."

पोरगा गोंधळून इकडेतिकडे पाहू लागला. समोरच उभ्या असलेल्या ऑर्व्हिलने ओठांवर बोट ठेवलं.

"हो, आलोय मी," पोरगा हळूच म्हणाला.

ऑर्व्हिल मागच्या बाकावर जाऊन बसला.