बारा पावलांवरचं चित्र

मी विज्ञानाचा शिक्षक. आणीबाणीच्या आदल्या वर्षी सोनपेठच्या शाळेत रुजू झालो तेव्हा चित्रकलेतलं मला काहीच कळत नव्हतं, आणि कळून घ्यायची इच्छाही नव्हती. पहिल्याच आठवड्यात चित्रकलेचे सर प्रयोगशाळेत आले आणि काचेचा लोलक मागू लागले. माझ्याहून वीसेक वर्षांनी मोठे, अंगानं किडकिडीत, हैदराबादेत शिकून आलेले. खिडकीतल्या कवडशात लोलक धरून भिंतीवर पडलेले सात रंग ते इतका वेळ बघत बसले, की माझा पुढचा तास बुडाला. मग म्हणाले, "मला हे उलटं करायचंय. सुटे झालेले रंग बघणाऱ्याच्या डोळ्यात एक करायचे."

ते काय म्हणतात हे समजायला मला महिना लागला. फ्रान्समधल्या काही चित्रकारांच्या लक्षात आलं होतं, की रंग ताटलीत कालवले की मळतात. म्हणून त्यांनी ते कालवायचं सोडलं. निळ्याशेजारी पिवळा, तांबड्याशेजारी हिरवा असे शुद्ध रंगाचे बारीक ठिपके मांडले. लांबून पाहिलं की मिसळण्याचं काम डोळा करतो आणि रंग जिवंत राहतो. सरांना हे एका इंग्रजी पुस्तकातून कळलं होतं. हैदराबादच्या जुन्या बाजारातून घेतलेलं ते पुस्तक त्यांनी मला दाखवलं. आतली सगळी चित्रं काळी-पांढरी होती. समासात सरांनी पेन्सिलीनं रंगांची नावं लिहिली होती, थोडी मजकुरावरून, बाकी अंदाजानं. ज्या चित्रकारांनी सगळा जीव रंगावर लावला, त्यांचं एकही रंगीत चित्र या माणसानं पाहिलेलं नव्हतं.

आमचं घर मेंढरांचं. मी त्यांना सहज सांगितलं, की गोदावरीच्या पलीकडं आमचा कळप चरत असला की काळी-पांढरी मेंढरं वेगळी दिसत नाहीत, एकच राखी रंग हलताना दिसतो. सर एकदम खूश झाले. तुला पुस्तकाची गरजच नाही, म्हणाले. त्या दिवसापासून ते मला मित्र मानू लागले.

एका मोठ्या हार्डबोर्डवर त्यांनी आमचा आठवडी बाजार काढायला घेतला. आठ महिने लागले. ज्वारीच्या ढिगाच्या सावलीत जांभळे ठिपके, फेट्यांच्या कडेला नारिंगी, धुळीत गुलाबी. जवळून पाहिलं तर बुंदी सांडल्यासारखं दिसायचं. एके दिवशी त्यांनी मला हाताला धरून मागं मागं नेलं आणि बारा पावलं मोजून उभं केलं. बाजार उभा राहिला होता. माणसं, बैल, पालं, आणि त्यांच्यावर थरथरणारं ऊन. मी नकळत डोळ्यांवर हात धरला.

औरंगाबादला शिक्षकांच्या चित्रांचं प्रदर्शन होतं. सरांच्या घरी आजारपण होतं म्हणून चित्र मी नेलं, गोधडीत बांधून, एस.टी.च्या टपावर. त्यांनी मला एकच काम सांगितलं होतं. चित्र मोकळ्या भिंतीवर लाव, आणि परीक्षकांना बारा पावलांवरून बघायला सांग.

तिथं चित्राला जागा मिळाली ती चिंचोळ्या बोळात. समोरची भिंत हात लांब केला तर लागेल इतकी जवळ. मी मोठ्या दालनात जागा मागायला हवी होती. दोन-तीनदा व्यवस्थापकांच्या टेबलापर्यंत गेलो आणि परत फिरलो. तेवढ्यात परीक्षक आले. एकानं चित्राला नाक लावल्यासारखं करून म्हटलं, "याला तर गोवर निघालाय." भोवतीचे हसले. दुसऱ्यानं खालच्या चिठ्ठीवरचं नाव वाचलं, आडनावाशी थांबला आणि ओठ मुडपून पुढं गेला. सर बौद्ध होते, आणि ते त्या आडनावावरून कळत होतं. मला सांगायचं होतं एक वाक्य. मी ते बोललो नाही. उलट मीही हसलो. कुणी जबरदस्ती केली नव्हती. त्या चांगल्या कपड्यांतल्या लोकांनी मला त्यांच्यातला समजावं म्हणून हसलो.

परत आलो तेव्हा सर स्टँडवर उभे होते. त्यांनी बक्षिसाचं विचारलंच नाही. "लांबून बघितलं का त्यांनी?" एवढंच विचारलं.

मी हो म्हणालो. लांबून बघितलं, पण भावलं नाही म्हणालो. त्यांनी मान हलवली आणि चित्र स्वतःच्या खांद्यावर घेतलं.

महिनाभर त्यांनी कुंचला धरला नाही. नंतर एका मधल्या सुट्टीत ते पुस्तकाची पुढची पानं उघडून माझ्याजवळ बसले. ते चित्रकारसुद्धा ठिपक्यांवर थांबले नव्हते, असं सांगू लागले. एका तरुणानं एक अख्खा उन्हाळा समुद्राकाठी ठिपके काढले, त्याला कंटाळा आला, आणि पुढच्या उन्हाळ्यात त्यानं कच्चे रंग रुंद फटकाऱ्यांनी लावले. चेहऱ्यावर हिरवा, जमिनीवर लाल. लोक त्याला आणि त्याच्या सोबत्यांना रानटी जनावरं म्हणाले. पण हे धाडस ठिपक्यांनीच शिकवलं होतं. रंग वस्तूपासून सुटा करता येतो हे एकदा कळल्यावर तो वस्तूला बांधून ठेवायचं कारणच उरलं नाही. मग दुसऱ्यांनी आकारही तसाच सुटा केला आणि सुरई फोडून तिच्या बाजू एकाच वेळी मांडल्या. इटलीतल्या पोरांनी तेच सुटे फटकारे घेऊन पळणारी माणसं आणि विजेच्या दिव्याचा उजेड काढला. सर बोलत होते आणि त्यांचा चेहरा उजळत होता.

आणि ते स्वतः त्या वाटेनं निघाले. लाल गोदावरी काढली. हिरव्या चेहऱ्याची बांगड्यावाली काढली. मग धुळीच्या रेघांतून येणारी एस.टी. काढली, तिची दारं-खिडक्या वेगवेगळ्या दिशांना. "सर, गाडी पलटी झाली का ही?" हेडमास्तरांनी विचारलं. सरांनी सांगितलं, पाथरीच्या रस्त्यावर बसून बघा, अशीच दिसते. तालुक्याच्या गावी, काळ्या-पांढऱ्या पुस्तकावरून, परदेशातल्या कितीतरी जणांनी मिळून चाललेली वाट हा माणूस एकटा चालला. अशी माणसं मी नंतर फार थोडी पाहिली.

पण दर वर्षी ते दहावीच्या मुलांना सांगायचे, की माझं ठिपक्यांचं चित्र जाणकारांनी लांबून पाहिलं आणि ते फसलं होतं, म्हणून मी पुढं गेलो. शेजारच्या वर्गात मला ते ऐकू यायचं.

एकोणऐंशीत माझी जिंतूरला बदली झाली. जाण्याआधीच्या रविवारी मी त्यांच्या घरी गेलो. ते रॉकेलमध्ये कुंचले धूत होते. मी सगळं सांगितलं. बोळ, गोवर, माझं हसणं.

त्यांनी हातातला कुंचला रॉकेलातून बाहेर काढला. मग विचारलं, "आडनाव वाचलं का कुणी?"

"हो."

"मग बरोबर." कुंचला फडक्याला पुसत ते म्हणाले, "मला वाटलं माझा डोळाच चुकला. लय दिवस डोळ्यावर भरोसा ठेवला न्हाई मी."

मी घाईनं म्हणालो, ते चित्र पुन्हा पाठवू, या वेळी मी नीट लावतो. ते म्हणाले, चित्र राहिलंच नाही. दुसरा बोर्ड परवडत नव्हता, म्हणून त्याच बोर्डावर लाल गोदावरी काढली.

काहीतरी बोलायचं म्हणून मी बोलून गेलो, की निदान त्यामुळं पुढची चित्रं तरी झाली. त्यांनी तेव्हा पहिल्यांदा माझ्याकडं सरळ पाहिलं.

"पुढची चित्रं तुझ्या खोटं बोलण्यानं झाली न्हाईत. ती माझी हायत. त्यांचं वझं तू घेऊ नको," ते म्हणाले. "हसलास, तेवढं घे."

मग त्यांनी आत चहा टाकायला सांगितलं. आम्ही दोघांनी तो घेतला, आणि ते मला कोपऱ्यापर्यंत सोडायला आले.