पुढचं वाक्य

मिरलांद हैतीची आहे असं कळलं, की समोरचा माणूस हमखास म्हणायचा, "अरेरे, किती गरीब देश!" ती शांतपणे हात वर करायची. "हे झालं पहिलं वाक्य. पुढचं?"

पुढचं वाक्य कुणालाच यायचं नाही. मग तीच सांगायची, "गुलामांनी लढून स्वतंत्र केलेला देश. स्वातंत्र्य आम्हाला कुणी दान दिलेलं नाही." आणि कामाला लागायची. अमेरिकेत, मॉरिसव्हिलच्या आमच्या ऑफिसात ती सॉफ्टवेअरचं टेस्टिंग करायची, माझ्या शेजारच्याच टेबलावर. वाद घालायला तिला वेळ नसे.

आमची गट्टी जमली आंब्यावरून. तेव्हा अमेरिकेत हापूस येत नसे, हैतीचा आंबा मात्र दुकानात मिळायचा. मी रत्नागिरीची, दुसऱ्या कुठल्या फळाला आंबा म्हणणं माझ्या जिवावर यायचं. तरी तिच्या घरी रस मागून मागून खाल्ला.

"आमच्याकडे कितीतरी झाडाखालीच कुजतात," ती म्हणाली. "रस्ते धड नाहीत. बंदरापर्यंत पोचेस्तोवर त्यांचा लगदा होतो."

एकदा आईने पाठवलेली आंबापोळी मी डब्यातून नेली. मिरलांदने एक तुकडा चघळला, दुसरा खिडकीतल्या उजेडात धरून पाहिला.

"मशीन कुठलं?"

"मशीन कसलं! ताटाला तूप लावायचं, रस पसरायचा, उन्हात ठेवायचा. वाळला की त्यावर दुसरा थर."

त्या दुपारी तिने माझ्याकडून सगळी कृती लिहून घेतली. पुढच्या वर्षी तिने राजीनामा दिला आणि होती नव्हती ती पुंजी हैतीतल्या आपल्या गावी आंबापोळीसाठी शेड बांधण्यात घातली.

"तू तरी तिला समजाव यार," आमच्या टीममधला सुनील म्हणाला. "एवढा चांगला जॉब सोडून तिकडे कोण जातं?"

मी तिला तेच विचारलं. "आंबे तिकडे आहेत," ती म्हणाली. मला ती वेडी वाटली, आणि तिचा हेवाही वाटला.

दोन हजार आठमध्ये हैतीवर एकामागून एक वादळं आली. टीव्हीवर तिच्या भागातला चिखल दिसत होता. फोन लागेना. मी लावतच राहिले. अखेर लागला, तेव्हा तोंडून निघालं ते इतकंच, "फार वाईट झालं गं."

"पहिलं वाक्य," ती म्हणाली. आवाज पार बसला होता.

"शेड?" मी विचारलं.

"छप्पर गेलं," ती म्हणाली. "पण आंबा काही छपराने वाळत नाही. ऊन लागतं. आज पडलंय."