टणक्या संपेना

त्या गावात महिने कुणी मोजत नसे, ते ऐकावे लागत. घंटाघराच्या वरच्या खोलीत मोठ्या घंटेभोवती काशाची सात भांडी दोरांनी टांगलेली होती. सकाळी घंटेवर टोला पडला की सातांतलं एकच भांडं आपोआप गुणगुणू लागे. हवेत ओल आली, गारवा सरला, की घंटेचा सूर किंचित हले आणि एखाद्या सकाळी त्याऐवजी शेजारचं भांडं ओ देई. त्या दिवसापासून नवा महिना. पहिला घुम्या, जाड्या आवाजाचा. पाचवा टणक्या, सहावा किणक्या आणि सातवा, केसासारख्या बारीक सुराचा, झिणक्या. एखादा महिना रेंगाळे, एखादा आला कधी नि गेला कधी ते कळत नसे. त्याबद्दल कुणी कुरकुरत नसे. महिन्याचा जो नंबर, तेवढे टोले मग गावाला ऐकू जात आणि घरभाडी, लग्नं, माणसांची वयं सगळं त्यावर चाले.

ही ओ ऐकायचं काम आत्याचं. ती कुणाचीच सख्खी आत्या नव्हती, पण शेंबड्या पोरापासून मुकादमापर्यंत सगळे तिला आत्याच म्हणत. नवरा गेला तेव्हा सासऱ्याने दोर तिच्या हातात दिला आणि दोन गोष्टी बजावल्या. भांड्याला बोट लावायचं नाही, सूर मरतो. आणि ऐकताना खोलीत दुसऱ्या माणसाचा श्वास नको. आत्याने हे इतकं मनावर घेतलं की स्वतःच्या सुनेलाही तिने कधी त्या खोलीचा उंबरा ओलांडू दिला नाही. तशीही ती नाकावर माशी बसू देणारी बाई नव्हती. सून एकदा नुसतं म्हणाली, "आत्या, तुम्हाला हल्ली जरा कमी ऐकू येतं का?" तर त्यावर आठवडाभर घरात अबोला होता.

आणि सून खरं बोलली होती, म्हणून तर आत्याला एवढं झोंबलं.

बारीक सूर आधी गेले. मग एका सकाळी टोला मारून ती उभी राहिली आणि सातही भांडी तिला मुकी वाटली. दोर सोडून तिने आयुष्यात दुसरं काही केलेलं नव्हतं, आणि ऐकू न येणाऱ्या बाईला घंटाघरात कोण ठेवणार? तेवढ्यात तिचं लक्ष घंटाघरातल्या म्हाताऱ्या मांजराकडे गेलं. ते एका भांड्याकडे तोंड करून, कान टवकारून बसलं होतं. दुसऱ्या दिवशीही तसंच. मांजराचे कान माणसापेक्षा तिखट, यात खोटं काय? तेव्हापासून मांजर बसेल तो महिना. गाव मांजराच्या कानांनी जगत होतं आणि गावाला पत्ता नव्हता. माणसांचं बोलणं आत्या ओठांवरून निभावून नेई.

यंदा टणक्या फार लांबला. "आत्या, टणक्याला जावई करून घेतलंय का? हलायचं नाव घेत नाही," मुकादम गमतीने म्हणाला. आत्या हसली. पण मुकादमाची सगळी माणसं खाली नदीच्या कोरड्या पात्रात चिकणमाती खणत होती आणि त्यांत तिचा मुलगा होता. किणक्या पुकारला की खाणीतलं सामान वर यायला लागे. झिणक्यात तिथे कुणी पाऊल ठेवत नसे, कारण त्या महिन्यात डोंगराकडून पाणी येई, तेही निरभ्र आभाळाखाली, एकदम.

त्या सकाळी टोला मारून मागे सरताना तिचा पाय लोखंडी बादलीला लागला. बादली मांजराच्या पाठीशीच आदळली. आत्याला तळव्यांतून हादरा जाणवला. मांजर मात्र जिभेने पाय चाटत राहिलं.

आत्या बघतच राहिली. मग तिने वाकून मांजराच्या कानामागे टाळी वाजवली. दोनदा वाजवली. कान हलला नाही. तिने मांजर उचलून दुसऱ्या भांड्याखाली ठेवलं. ते उठलं, आळस दिला आणि पुन्हा पाचव्याखाली जाऊन बसलं. तिथे खिडकीतून ऊन येत होतं. फरशी तापलेली होती.

मांजर ठार बहिरं होतं, तिच्यासारखंच. कधीपासून? किती दिवस ती उन्हाच्या तुकड्याला टणक्या म्हणून पुकारत होती? तिला जिना दिसेना, कठडा सापडेना. कशीबशी खाली उतरली आणि चुलीपाशी बसलेल्या सुनेचा दंड तिने धरला.

"वर चल."

"मी? खोलीत?"

"मला ऐकू येत नाही ग. तू ऐक. तुझा नवरा खाली आहे."

सून चूल तशीच सोडून उठली. वर आल्यावर आत्याने टोला मारला आणि सुनेच्या चेहऱ्याकडे डोळे लावले. सून डोळे मिटून हळूहळू वळत गेली. पाचव्यावरून पुढे गेली. सहाव्याशी थांब, आत्या मनात म्हणत होती, सहाव्याशी थांब बाई, अजून वेळ आहे. सून सातव्यापुढे उभी राहिली.

"हे," तिचे ओठ म्हणाले. "हे खूप मोठ्यानं वाजतंय, आत्या."

आत्या दोराला लटकलीच. सात टोले. पुन्हा सात. हातांची सालं निघाली तरी ती थांबली नाही, कारण थांबलं की खिडकीतून खाली बघावं लागणार होतं. सून तिथे उभी राहून बघत होती आणि तिची नुसती पाठ दिसत होती. त्या पाठीवरून काही कळत नव्हतं. एकदम सून वळली, रडत होती.

मग दारात मुलगा दिसला. कमरेपर्यंत चिखल, धापा टाकणारा. त्याच्यामागे मुकादम. सुनेने नवऱ्याची बाही घट्ट धरली. आत्याने दोर सोडला आणि त्याच्या तोंडावरून हात फिरवला, नाक, गाल, हनुवटी, सगळं जागेवर आहे ना बघावं तसं.

मुकादम रागाने काहीतरी विचारत होता. "सगळे वर आले, पण किणक्या गेला कुठे?" एवढं तिला ओठांवरून कळलं. काहीतरी सांगून वेळ मारून नेता आली असती. तोंड उघडलंही तिने.

तेवढ्यात तिघांच्याही माना एकाच वेळी झर्रकन नदीकडे वळल्या. सुनेने कानांवर हात ठेवले. खिडकीची चौकट थरथरायला लागली.

आत्या मात्र अजून मुकादमाकडेच बघत होती, त्याच्या पुढच्या शब्दाची वाट पाहत. मुकादमाने मान परत वळवली. त्याने तिच्याकडे पाहिलं, मग उन्हात गाढ झोपलेल्या मांजराकडे, आणि पुन्हा तिच्याकडे. त्याच्या चेहऱ्यावरचा राग उतरला आणि त्याला सगळं कळल्याचं तिथे दिसलं, ते बघून आत्या जास्त घाबरली.

"पाणी आलं का?" तिने मुलाला विचारलं.