ही धून माझीच आहे ना?

तुम्हीच सांगा, विश्वास कुणाच्या कानावर ठेवायचा? गिऱ्हाइकाच्या, की बायकोच्या? गुलमंडीत पेटी-तबल्याचं दुकान टाकलं तेव्हा मला सा कुठला तेही ठाऊक नव्हतं. सगळं गिऱ्हाइकांनीच शिकवलं. दुकानातला माल विकला जातो, किस्से मात्र पडून राहतात. एकट्या हॅरल्डसाहेबांचेच कपाटभर आहेत!

साहेब लंडनचे, पासष्टीचे. चाळीस वर्षं सिनेमाला, टीव्हीला संगीत देतायत. वेरूळला शूटिंग झालेल्या एका मालिकेची सुरुवातीची धून करायला आले होते. हॉटेलातल्या एसीची घरघर सोसेना, म्हणून महिनाभर मुक्काम माझ्या माडीवर. शेवटच्या शनिवारपर्यंत धून लंडनला पोचली नाही तर काम दुसऱ्याला जाणार होतं.

मी मोडक्या इंग्रजीत विचारलं, "तुमचं संगीत लोकांना आवडतं का हो?"

"माहीत नाही. ते सुरू झालं की लोक चहा ठेवायला उठतात!"

* * *

एकदा हॉस्पिटलच्या मालिकेत पेशंटच्या मरणाला साहेबांनी असं काही व्हायोलिन वाजवलं, की पेशंट जाण्याआधीच डायरेक्टर रडायला लागला. म्हणाला, "संगीत फार लवकर रडवतंय."

"मग? संगीत कापलं?"

"छे! एडिटरनं पेशंटला चार सेकंद आधी मारलं."

* * *

त्यांच्या धंद्यात एक भारी रीत आहे. डायरेक्टर आधी कुणाचं तरी जुनं संगीत लावून सिनेमा कापून जुळवतो, आणि मग साहेबांना म्हणतो, "अगदी असंच करा, पण वेगळं!"

मी म्हणालो, "आमच्याकडं बी हेच! शेजारच्या दुकानातली पेटी दाखवतात आन् म्हणतात, हीच द्या, फक्त तुमची."

मी हसलो. साहेब हसले नाहीत. तरुणपणी त्यांची एक धून दुसऱ्याच्या धुनेसारखी निघाली होती. मुद्दाम नव्हे, कानात राहून गेलेली. पण चोर म्हणून नाव झालं आणि सहा वर्षं कुणी काम दिलं नाही.

"आता प्रत्येक धुनेला मी विचारतो," ते म्हणाले, "तू माझीच आहेस ना?"

* * *

बुधवारी धून झाली. सात-आठ सुरांची, साधी, पण काळजात रुतणारी. साहेब फोन घेऊन चहावाल्याकडं गेले, शिंप्याकडं गेले. "कुठं ऐकलीय?" सगळे म्हणाले, नाय.

जेवताना सौभाग्यवतीला ऐकवली. ती होकाराची मान हलवत म्हणाली, "ऐकल्यावानी वाटतीय."

साहेबांच्या हातातला घास हातातच राहिला!

स्वयंपाकघरात मी दातओठ खाल्ले, "अगं, नाय म्हणायचं!"

"खोटं कशाला बोलू? तुमच्यावानी दुकान हाय का माझं?"

* * *

शुक्रवारी म्हटलं, माणूस खुळा व्हायच्या आत मोकळ्या हवेत न्यावा. करमाडच्या पुढं माळावर ओळखीचे भिवाआबा धनगर मेंढरं चारत होते. पहिल्या आठवड्यात साहेब याच माळावर माईक घेऊन वाऱ्याचा आवाज टिपत फिरलेले. आबा दिसताच त्यांनी फोनवर धून लावली. "विचारा यांना."

मी विचारायच्या आत सगळ्या मेंढरांनी माना वर केल्या. मग एक निघालं, मागून दहा, मागून अख्खा कळप. आमच्या भोवती नुसती मेंढरं!

आबा म्हणाले, "आवो, ही तर मेंढरं पाण्यावर बोलवायची माझी शीळ! बापानं शिकवलेली. ह्या डब्यात कशी शिरली?"

साहेबांना भाषा कळली नाही, पण मेंढरं कळली. त्यांनी झटकन धून बंद केली.

मी दुकानदार माणूस. हळूच म्हणालो, "साहेब, लंडनात कोण मेंढरं घेऊन ओळखायला बसलंय?"

त्यांनी माझ्याकडं असं पाहिलं की मी मान खाली घातली. मग त्यांनी तिथूनच लंडनला फोन लावला. "ही धून माझी नाही. कागदावर या माणसाचं नाव घाला. आणि उद्या द्यायला माझ्याकडं दुसरी नाही." साहेब फोन कानाला लावून उभे.

आबांनी माझी बाही ओढली. "त्यांचं बोलणं होऊ द्या सावकाश. पण ही शीळ घातली आन् पाणी दावलं नाय, तर उद्या एक मेंढरू माझं ऐकायचं नाय. सायबाला म्हणावं, हिशोब खरा ठेव. बोलावलंस ना? आता हिरीवर चल, अन् पाज."