आमच्या दादाची फितूर म्हैस

आमच्या दादावर अन्याय झाला नाही असा दिवस पंचांगात नव्हता. पाऊस यायचा तो नेमका दादाच्या वैरणीवर. शेजारच्या वैरणीवर तेव्हा ऊन पडलेलं असायचं. नळ सगळ्या गल्लीला धो धो, दादाची घागर लागली की त्याला उचकी. न्हाव्यानं कान कापला तर दादाचाच, आणि तोसुद्धा, दादाच्या मते, कुणीतरी सांगून कापायला लावलेला. मला वाढवून सांगायची खोड आहे, कबूल. पण दादाच्या बाबतीत कमीच करून सांगावं लागतं, नाहीतर लोक विश्वास ठेवत नाहीत.

जन्मतः तो असा नव्हता. माझा हा थोरला भाऊ एके काळी गवळी गल्लीतला वाघ होता. गोठ्यात चार म्हशी. संध्याकाळी त्या घेऊन तो दुधाच्या कट्ट्यावर जायचा. आमच्याकडे गिऱ्हाईक रस्त्यात उभं राहून दूध पितं. समोर म्हैस, तिच्या सडातून धार थेट पेल्यात, वर बोटभर फेस. दादाच्या हातचा फेस इतका घट्ट, की एका पैलवानाच्या मिशा त्यात अडकल्या होत्या आणि चौघांनी मिळून सोडवल्या. तो पैलवान अजून आहे, पण मिशा उतरवल्यामुळे पुरावा उरला नाही.

हा वाघ एका पाडव्याला शेळी झाला. आणि त्याला शेळी मी केलं.

दिवाळीच्या पाडव्याला सगळीकडे बायका नवऱ्यांना ओवाळतात. कोल्हापूरच्या गवळ्याच्या घरी आधी म्हशीला ओवाळतात, नवऱ्याचं वेळ उरली तर. म्हशीची शिंगं रंगवायची, गळ्यात कवड्यांची माळ, शिंगांना मोरपिसं, आणि मग रस्त्यावर आणून सगळ्या गावादेखत पळवायची. मालक फटफटीवर पुढं आणि म्हैस मागं. दावं नाही, काठी नाही. ती पळते कशावर? आवाजावर. मालकाच्या फटफटीचा आवाज वर्षभर ऐकवून ऐकवून तिच्या डोक्यात बसवलेला असतो. दादाच्या फटफटीचा सायलेन्सर कुजून भोक पडलेला होता. तिला किक मारली की रंकाळ्यात शंभर माणसं पिंपं बडवताहेत असं वाटे. आमची थोरली म्हैस त्या आवाजावर जीव टाकायची.

मी तेव्हा राजारामपुरीत एका डॉक्टरांकडे कंपाउंडर होतो. पाडव्याच्या आठवडाभर आधी मला हुपरीला मुलगी बघायला जायचं होतं, म्हणून दादाची फटफटी मागून नेली. हुपरीत घरोघरी चांदीचे पैंजण घडत असतात, सगळ्या गावात बारीक ठकठक चाललेली. त्या नाजूक गावात असा गडगडाट करत कसं जायचं? मी वाटेत एका मिस्त्रीकडून नवा सायलेन्सर बसवून घेतला. फटफटी इतकी गुपचूप झाली की मी दारात उभा राहिलो तरी मुलीच्या बापाला पत्ता नाही. खोकून सांगावं लागलं.

पाडव्याच्या आदल्या दुपारी फटफटी परत आणून लावली. दादा नदीवर म्हैस घासत होता. सायलेन्सरचं बोललो नाही. म्हटलं, पाडव्याची भेट. कळेल तेव्हा खूश होईल!

दुसऱ्या दिवशी हलग्या, शिंगं, फटाके, एवढा गलका की स्वतःचं बोलणं ऐकू येत नव्हतं. दादानं फेटा बांधला, किक मारली आणि मागं न बघता सुसाट निघाला. म्हैस जागची हलली नाही. चुकीची बाटली हातात आलेला पेशंट माझ्याकडे जसा बघायचा, तशी ती त्या मुक्या फटफटीकडे बघत राहिली. दादा कोपऱ्यापर्यंत एक हात वर करून गेला. मग मागं वळून पाहिलं. मागं मोकळा रस्ता.

तेवढ्यात समोरच्या गोठ्याचा मालक निघाला. सगळी गल्ली त्यांना मामा म्हणायची. त्यांच्याही फटफटीचा सायलेन्सर फाटका. तो आवाज कानावर पडला आणि आमच्या म्हशीनं शेपूट उभारलं. अशी सुटली, अशी सुटली की मामांच्या स्वतःच्या म्हशीला मागं टाकून मामांच्या पाठीला नाक लावून पळू लागली. गर्दीतून कुणीतरी ओरडलं, "दादा, तुमची म्हस मामांकडं नांदाय निघाली की वो!"

कोल्हापुरात हसणं हळू नसतं. तो हशा पन्हाळ्यापर्यंत गेला असेल.

मामांनी म्हैस स्वतः आणून दारात उभी केली. "आरं बाबा, तुझी तू बांध. म्या काय बोलावलं न्हाय तिला."

"पेंडीत काय घातलंसा त्ये सांगा आधी," दादा म्हणाला. "माझी म्हस फितवलीसा तुमी."

त्या क्षणी मी तोंड उघडायला हवं होतं. पण दादाच्या हाताची मला धास्ती होती. त्याची एक थाप बसलेला रेडा दोन दिवस काशीच्या दिशेनं बघत होता. म्हटलं, आठवड्यात विसरेल. तो चार वर्षं विसरला नाही. पाडव्याला म्हैस पळवणं त्यानं सोडलंच आणि फटफटीला पुन्हा हात लावला नाही, ती मीच चालवायचो.

कट्ट्यावर तो धार काढायचा, पेला हातात धरायचा आणि द्यायच्या आधी गोष्ट सुरू. "तुमास्नी म्हणून सांगतो पावणं, आमच्यावर काय बेतलं..." पहिल्या वर्षी लोक दूधही प्यायले आणि गोष्टही. दुसऱ्या वर्षी गोष्ट लांबली. पाडव्यापासून सुरू होऊन न्हाव्याच्या कानावरून, नळावरून, बालपणी कुणीतरी पळवलेल्या भोवऱ्यापर्यंत जायची. तोवर पेल्यातला फेस बसलेला, दूध गार, वर साय. गिऱ्हाईक मुकाट मामांच्या म्हशीकडं सरकायचं. आणि दादा मला कोपरानं ढोसून म्हणायचा, "बघ! गिऱ्हाईकबी फितवलं."

माझी अशी चिडचिड व्हायची की सांगता सोय नाही. दवाखान्यात एक म्हातारा यायचा. पायाची जखम कधीच बरी झालेली, पण दर आठवड्याला नवी पट्टी बांधून मागायचा. मी एकदा म्हटलं, आजोबा, खाली काही नाही. तो म्हणाला, "बांध रं. पट्टी हाय तवर सुना पाण्याचा तांब्या हातात आणून देत्यात." घरी माझा सख्खा भाऊ तेच करत होता. फक्त त्याला पाणीही कुणी देत नव्हतं आणि पट्टी त्याच्या डोळ्यांवर होती.

चौथ्या वर्षी दिवाळी तोंडावर आली आणि वहिनीनं मला गोठ्यात गाठलं. तिच्या हातात शेणाची पाटी होती, ती तिनं खाली आदळली.

"भावजी, ह्या पाडव्याला ह्येंनी म्हस बाहीर काढली तर बरं. न्हायतर म्हशी इकणार आन् मी नेसरीला माहेरी जाणार. च्यार वरसं मी नवऱ्यासंगं न्हाय, त्येंच्या गाऱ्हाण्यासंगं नांदालोय. सवत परवडली, ती झोपती तरी!"

वहिनी पोकळ धमकी देणाऱ्यांतली नव्हती. आता भावाचं घर मोडणार आणि मूळ दोषी मी. मी देवाचं नाव घेतलं, दादाच्या हातापासून चार पावलं लांब उभा राहिलो आणि सगळं सांगून टाकलं.

दादानं शांतपणे ऐकलं. मग म्हणाला, "तुला मामानं पढवून पाठवलंय."

"आरं, सायलेन्सर मी बदलला! हुपरीला जाताना!"

"म्हशीला काय कळतंय सायलेन्सरचं? फितवलीया ती."

"दादा, ते हुपरीचं स्थळ माझं मोडलं. मी बसलो का गावभर रडत?"

"मोडणारच की," दादा उसासा टाकून म्हणाला. "गाडी माझी हुती न्हवं? माझ्या वस्तूला यश न्हाय."

माझं मोडलेलं स्थळसुद्धा त्यानं स्वतःच्या दुःखात जमा केलं! मी भिंतीवर डोकं आपटायचंच काय ते बाकी राहिलं होतं. ते स्थळ, खरं सांगायचं तर, दादाच्याच बोलण्यामुळं मोडलं असं मला आजही वाटतं, पण तो विषय वेगळा.

मग म्हटलं, पुरावाच आणतो. मिस्त्रीकडे गेलो. त्यानं जुना सायलेन्सर भिंतीला अडकवून त्यात उदबत्त्या खोचल्या होत्या. उदबत्त्यांसकट घेऊन आलो, फटफटीला बसवला आणि गोठ्यासमोर किक मारली. रंकाळ्यातली शंभर पिंपं पुन्हा वाजली. आतून म्हैस दाव्यासकट, खुंट्यासकट, खुंट्याखालच्या दोन फरशांसकट बाहेर आली आणि माझ्या खांद्यावर तोंड ठेवून उभी राहिली. चार वर्षांनी!

"आता बोल!" मी दादाला ओरडून म्हणालो.

दादाचा चेहरा मी विसरणार नाही. त्याला आनंद व्हायला हवा होता. कुणी भानामती केलेली नव्हती, म्हैस फितलेली नव्हती, मामा निर्दोष. पण तो असा बघत होता की जणू मी त्याच्या घरातली एकुलती एक मोलाची वस्तू उचलून चाललोय. मग हळूहळू तोंडावर रंग परत आला.

"म्हंजे," तो म्हणाला, "पाठच्या भावानंच घात केला व्हय माझा?"

दुसऱ्या दिवसापासून कट्ट्यावरच्या गोष्टीत नवा अध्याय आला. मामांना त्यानं त्यातून काढलं नाहीच. मला त्यांच्या शेजारी बसवलं.

पाडवा उजाडला. वहिनीनं म्हैस सजवली. दादा पायरीवर गुडघ्यांना मिठी घालून बसलेला.

"मी येत न्हाय. लोक हसत्यात."

"हसले ते चार वर्षांमागं. विसरले पण!" मी म्हणालो.

"त्ये इसरलं. म्या कसं इसरू?"

वहिनीनं एकदा त्याच्याकडे बघितलं, एकदा माझ्याकडे. मी समजलो. दादा नाही तर मी. फटफटीवर बसलो आणि किक मारली. चालू होईना. दहा किका, वीस किका. माझ्या उजव्या पोटरीचा हत्तीचा पाय झाला. सायलेन्सर जुना बसवला होता, पण बाकीचीही गाडी म्हातारी झालेली. गल्लीतले लोक गोळा झाले. पायरीवरून दादाचा आवाज आला, "म्या म्हटलं न्हवतं?"

त्या तीन शब्दांनी वहिनीचा तोल गेला. तिनं पदर खोचला, दाव्याची गाठ सोडून दावं दादाच्या मांडीवर फेकलं आणि म्हशीच्या पुढं जाऊन म्हणाली, "चल गं बाय."

एवढंच. ना फटफटी, ना हलगी. आणि म्हैस निघाली. वहिनी चालली, म्हैस चालली. वहिनी पळाली, म्हैस पळाली. चार वर्षं तिला वैरण कोण घालत होतं, कोण धूत होतं, हे त्या गल्लीत फक्त म्हशीलाच ठाऊक होतं. माझ्या सायलेन्सरला तिनं विचारलंसुद्धा नाही. बाईमाणसामागं म्हैस पळाल्याचं आमच्या गल्लीनं कधी पाहिलं नव्हतं. मग हलगीवाल्यांना सुचलं आणि जो कडकडाट झाला तो पन्हाळ्यावरून परत आला. मामा वाटेत आडवे आले, म्हशीच्या कपाळावर गुलाल फासला आणि म्हणाले, "लेकी, ह्याला म्हणत्यात म्हस पळवणं!"

मी बंद फटफटीवर बसून लहान पोरासारखा ओरडत होतो. जिंकलो असं वाटलं. आता तरी! मी दादाकडे वळलो.

तो मांडीवरच्या दाव्याकडे बघत होता. "बघितलंस?" तो म्हणाला. "म्हस माझी. आन् पळाली बायकूच्या मागं. घरातच फितुरी हाय म्हटल्यावर बाहीरच्यांला काय बोलायचं?"

वैरणीच्या कडब्यात डोकं खुपसून मी किती वेळ उभा होतो मला आठवत नाही.

वहिनी नेसरीला गेली नाही, म्हशी विकल्या नाहीत. दुसऱ्या संध्याकाळी ती स्वतःच म्हशी घेऊन कट्ट्यावर गेली आणि धारेला बसली. दादा बाजूला पालथ्या बादलीवर. गर्दी होती, आदल्या दिवसाची बातमी सगळ्या गावात पोचली होती. मीही रांगेत उभा राहिलो. माझ्यापुढं कुणी परगावचा माणूस होता. त्याच्या हातात फेसाळ पेला आला आणि दादानं त्याची बाही धरली.

"पावणं, तुमास्नी म्हणून सांगतो. च्यार वरसांमागं..."

पेल्यातला फेस बसू लागला. वहिनीनं धार न थांबवता मान वळवली.

"पावणं, आदी प्या. त्येंचं संपत न्हाय."

पाहुण्यानं पेला तोंडाला लावला. दादानं त्याची बाही सोडली, माझी धरली आणि म्हणाला, "बघ. बोलूबी देत न्हाईत."